बॉलिंगच्या बॉलला घरच्या घरी टाकी लावायची ती कशी

लहानपणी उन्हाळ्याच्या सुट्टीत गंगापूर तालुक्यातल्या आमच्या गावी गेलो की दुपारच्या टायमाला एक बाई गल्लीतून आवाज देत यायची, पाट्याला टाकीऽऽ, जात्याला टाकीऽऽ, अन् आजी तिला ओट्यावर बसवून आतून पाटा आणून पुढं ठेवायची. ती छिन्नी-हातोडीनं त्या गुळगुळीत पाट्यावर टकटक करत बारीक बारीक टिपके पाडायची, अर्ध्या तासात अख्खा पाटा पांढरट अन् खरखरीत. मला तेव्हा कळायचं नाही की वर्षभर घासून एवढा छान गुळगुळीत झालेला दगड पैसे देऊन खराब का करून घेतात. आजी म्हणायची, बाळा, गुळगुळीत पाट्यावर मिरची नुसती घसरती, वाटली जात नाही.

आता मी वाळूजला टूलरूममध्ये डाय पॉलिशचं, म्हणजे साचे घासून चकचकीत करायचं काम करतो अन् रविवारी मॉलमधल्या लेनवर बॉलिंग खेळतो, क्रिकेटमधली नाही, जड बॉल लांब पट्टीवरून सोडून टोकाच्या पिना पाडायचा खेळ असतो ती. आजीचं ते बोलणं मला परत आठवलं ते माझ्या भाच्यामुळं. त्याच्याकडं स्वतःचा बॉल आहे, पुण्यातून जुना घेतलेला, १४ पौंडाचा. सुरुवातीला मस्त वळायचा, मग पाच-सहा महिन्यात सरळच जायला लागला. मामा, माझ्या मनगटात काही दोष आलाय का, असं विचारायला लागला पोरगा, मनगटाचा व्हिडिओ काढून दाखवायला लागला. मी बॉल हातात घेऊन ट्यूबलाइटखाली फिरवून बघितला तर त्याच्यावर एक गोल पट्टा आरशासारखा चमकत होता अन् बाकीचा बॉल मळकट. मनगट ठीक होतं. बॉलला टाकी लावायची वेळ झाली होती, एवढंच.

त्याच्यानंतर ग्रुपमधल्या चार-पाच जणांचे बॉल मी घरी घासून दिले, अन् आता सगळे विचारायलेत की कसं करायचं, तर म्हटलं एकदा सगळं नीट लिहून काढू. मशीन लागत नाही. एक बादली, थोडे घासायचे पेपर नाहीतर पॅड, अन् एक तासभर शांतपणे बसायची तयारी लागते.

आधी बॉल वळतो कसा ते समजून घ्या, नाहीतर घासण्याला काही अर्थ राहत नाही. लेन फाउल लाइनपासून, म्हणजे बॉल सोडताना जी ओलांडायची नसते त्या रेघेपासून, पहिल्या पिनपर्यंत ६० फूट असते, अन् त्यातल्या पहिल्या ४० फुटांच्या आसपास तेल लावलेलं असतं, पुढचा भाग कोरडा. हे तेल डोळ्याला दिसत नाही एवढं पातळ असतं. तुम्ही बॉल सोडला की तो आधी तेलावरून घसरत जातो, मग हळूहळू पकड घेत वळायला लागतो, अन् शेवटी गाडीच्या चाकासारखा सरळ लोळत पिनांत घुसतो. घसरणं, वळणं, लोळणं, तीन टप्पे, अन् सगळं मिळून अडीच सेकंदाच्या आत-बाहेर संपतं. तेलावर घर्षण कोरड्या लेनच्या जवळपास पाचव्या हिश्श्याएवढंच असतं असं धरतात, म्हणजे बॉल कधी अन् कुठं पकड घेणार हे त्या दोन पृष्ठभागांच्या भांडणावर ठरतं, अन् त्यातला लेनचा पृष्ठभाग तुमच्या हातात नाही, बॉलचा आहे.

बॉलच्या कातडीवर डोळ्याला न दिसणाऱ्या उंचवटे-खड्ड्यांची रांग असते. खरखरीत बॉलचे उंचवटे तेलाच्या थरातून आरपार लेनला टेकतात, गुळगुळीत बॉल तेलावर तरंगल्यासारखा जातो. पहिल्या पावसात घासलेल्या टायरची गाडी कशी सरकते ते जालना रोडवर ज्यानं अनुभवलंय त्याला वेगळं समजवायची गरज नाही.

इथं एक गैरसमज लई पसरलाय, तो म्हणजे जेवढा खरखरीत तेवढा जास्त वळणार. तसं नाही. खरखरीत बॉल *लवकर* वळायला लागतो. बॉलमध्ये फिरण्याची ताकद तुम्ही जेवढी घातली तेवढीच असते, ती त्यानं सुरुवातीलाच खर्च केली तर पिनांपाशी पोहोचेपर्यंत तो थकून नुसता लोळत येतो, वळण लांबलचक अन् मवाळ दिसतं, अन् पिना ढकलल्यासारख्या पडतात. गुळगुळीत बॉल ताकद राखून ठेवतो, लांबवर घसरत जातो अन् कोरडा भाग आला की एकदम कोनात वळतो. पण तो फारच गुळगुळीत असला अन् तेल जास्त असलं तर वळायला जागाच उरत नाही, भाच्याचं तेच झालं होतं. म्हणून घासायला बसण्याआधी एक प्रश्न स्वतःला विचारायचा, की माझा बॉल उशिरा वळतोय का लवकर? उशिरा वळत असेल तर खरखरीत करायचा, लवकर वळून मरगळत असेल तर गुळगुळीत करायचा. मॉलमधल्या लेनवर काउंटरला विचारत जा की आज तेल कधी मारलंय, सकाळी तेल मारलेल्या लेनवर संध्याकाळपर्यंत बरेच गेम झाले की तिथलं तेल बॉलांनी पुसून नेलेलं असतं, अन् मग सकाळी बरोबर वळणारा तोच बॉल लवकर वळायला लागतो.

दुसरी गोष्ट, तुमचा बॉल कशाचा आहे. लेनवर रॅकमध्ये ठेवलेले फुकट वापरायचे बॉल असतात ते बहुतेक पॉलिएस्टरचे, म्हणजे साधं कडक प्लास्टिक, ते घासून फार फरक पडत नाही अन् ते तुमचे पण नाहीत, त्यांना हात लावू नका. स्वतःचा बॉल घेतलाय तर तो बहुतेक युरेथेन नाहीतर रिअ‍ॅक्टिव्ह रेझिनचा असणार. लई जुन्या काळी बॉल लिग्नम व्हिटे नावाच्या जड लाकडाचे असायचे, १९०५ च्या सुमारास रबराचे आले, मग पॉलिएस्टर, १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला युरेथेन, अन् १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला रिअ‍ॅक्टिव्ह रेझिन. या शेवटच्यानं खेळच बदलला, कारण त्याच्या कातडीला सूक्ष्म छिद्रं असतात अन् ती लेनवरचं तेल पिऊन घेतात. मातीचा माठ आठवा, त्याच्या छिद्रांतून पाणी बाहेर पाझरतं म्हणून पाणी गार होतं, इथं उलट, बाहेरचं तेल आत जातं. तेल पिल्यामुळंच बॉलला पकड येते. पण पिऊन पिऊन छिद्रं भरली की बॉल मेला असं म्हणतात. खरं तर बहुतेक वेळा मेलेला नसतो, नुसता बुजलेला असतो.

म्हणजे बॉलचं दोन प्रकारे वाटोळं होतं, एक तर छिद्रांत तेल भरतं, अन् दुसरं म्हणजे लेनला घासून घासून उंचवटे झिजतात, पाट्यासारखे. नीट बघितलं तर प्रत्येक वेळी बॉल परत आला की त्याच्यावर तेलाच्या गोल रेघा दिसतात, तो त्याचा ट्रॅक, बॉल लेनला तिथंच टेकतो अन् तिथंच आधी गुळगुळीत होतो. नवा खरखरीत बॉलसुद्धा आठ-दहा गेममध्ये ट्रॅकवर चमकायला लागतो. म्हणून हलका हात अधूनमधून मारायचा अन् साधारण ६० गेम झाले की पूर्ण टाकी.

आता पेपरबद्दल. बॉलिंगवाले लोक फोमची गोल पॅड वापरतात, अ‍ॅब्रालॉन नावाची फिनलंडच्या मिर्का कंपनीची सगळ्यात प्रसिद्ध आहेत, ३६०, ५००, १०००, २०००, ३०००, ४००० अशा नंबरात येतात. नंबर जेवढा मोठा तेवढा दाणा बारीक. ५०० चा दाणा ढोबळमानानं ३० मायक्रॉनचा, २००० चा १० मायक्रॉनच्या आसपास, अन् मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग. ऑनलाइन मिळतात. नाही मिळाली तर ऑटो पेंटच्या दुकानात वॉटर पेपर मागा, तो काळा, पाण्यात भिजवून वापरायचा, दाणा त्याचाही सिलिकॉन कार्बाइडचाच असतो, अन् ६००, १०००, १५००, २००० सहज मिळतात. फक्त पेपर पातळ असतो अन् बॉल गोल, म्हणून पेपराच्या मागं भांडी पुसायच्या स्पंजचा चपटा तुकडा धरायचा म्हणजे तो गोलाईवर बसतो. लाकडी ठोकळा धरू नका, त्यानं बॉलवर सपाट चट्टे पडतात.

फर्निचरचा पिवळा पॉलिश पेपर अजिबात नको, अन् कोरडं घासणं पण नको. मी पहिल्यांदा तेच केलं होतं. घरात २२० चा पेपर पडला होता, म्हटलं आधी यानं भराभर काढू अन् मग २००० नं फिनिश देऊ. रेझिनची बारीक धूळ नाकातोंडात गेली, रात्रभर घसा खवखवत होता, अन् बॉलवर जे ओरखडे पडले ते २००० नं कितीही घासलं तरी जाईनात, तीन संध्याकाळी त्याच्यात गेल्या. डाय पॉलिशमध्ये जो नियम मी रोज नव्या पोरांना शिकवतो तोच मी घरी मोडला होता, की एका नंबरचे ओरखडे पुढचाच नंबर काढू शकतो, मधल्या पायऱ्या गाळून चालत नाही.

शेतकऱ्याच्या घरच्या माणसाला हे लगेच कळेल. नांगरट केली की मोठी ढेकळं निघतात, मग वखराच्या पाळ्या मारायच्या, तेव्हा रान सारखं होतं. नांगरटीवर थेट फळी फिरवली तर वरची ढेकळं थोडी दबतील पण खालचे तास तसेच राहतील. बॉलचं पण हेच, ५०० म्हणजे नांगर, १००० म्हणजे वखर, २००० म्हणजे फळी. अन् गंमत अशी की बॉलिंगमध्ये कधीकधी खालचे तास मुद्दाम ठेवतात, ५०० मारून थेट २००० चा हलका हात, म्हणजे खोल रेघा तेलाला वाट देतात अन् वरचे टोक बोथट असल्यामुळं बॉल फार लवकर पकडत नाही. नुसत्या २००० च्या फिनिशपेक्षा ते वेगळं चालतं, दोघांवरचा शेवटचा नंबर एकच असला तरी. पण हे नंतरचं, आधी साधं जमू द्या.

घासण्याआधी बॉल धुवायचा, तेलावर पेपर मारला तर पेपर चोंदतो अन् तेल उलट आत दाबलं जातं. मेडिकलमध्ये आयसोप्रोपिल अल्कोहोल मिळतं, त्यानं मायक्रोफायबर कपड्यावर घेऊन सगळा बॉल पुसा, कपडा काळा निघायचा बंद होईपर्यंत. हे करताना जवळ गॅस नको, खिडकी उघडी ठेवा. थिनर, अ‍ॅसिटोन, नेलपॉलिश रिमूव्हर यातलं काही वापरू नका, ते प्लास्टिक मऊ करतं. १९७० च्या दशकात अमेरिकेत खेळाडूंनी हेच मुद्दाम केलं होतं, बॉल रसायनात भिजवून मऊ करायचे म्हणजे जास्त पकड, १९७३ मध्ये डॉन मॅककून नावाच्या खेळाडूनं तसल्या भिजवलेल्या बॉलवर लई स्पर्धा जिंकल्या, मग त्याच्यावरून बॉलच्या कडकपणाला कमीतकमी मर्यादा घालणारा नियमच आला. त्यामुळं थिनरनं पुसणं हे नुसतं बॉलला वाईट नाही, स्पर्धेत बॉल बाद होऊ शकतो.

बॉल लई जुना असेल, पन्नास-साठ गेम झाले असतील, तर आतलं तेल काढायला कोमट पाण्याची अंघोळ घालायची. बोटांच्या भोकांवर चांगली चिकटणारी टेप लावून बंद करा, बादलीच्या तळाला जुना टॉवेल टाका, गीझरचं पाणी घ्या, ५० अंशाच्या आसपास, उकळतं बिलकूल नको, त्यात भांड्याचं लिक्विड दोन-तीन थेंब, अन् बॉल पूर्ण बुडेल एवढं पाणी. तुमचा बॉल ११ पौंडाचा किंवा हलका असेल तर तो तरंगेल, घाबरू नका, बॉलचा आकार जवळपास सारखाच असतो अन् वजन १२ पौंडाच्या आसपास गेलं की मगच तो पाण्यापेक्षा जड होतो. तरंगणारा बॉल दर दोन-चार मिनिटांनी फिरवायचा. वीस मिनिटं ठेवून बाहेर काढा अन् लगेच पुसा, पाण्यावर तेलाचा तवंग दिसेल, पुसताना बॉलवर घाम आल्यासारखं तेल येतं. पाणी बदलून परत, असं दोन-तीनदा.

उष्णतेबद्दल आपल्याकडच्या लोकांनी जास्त काळजी घ्यायला पाहिजे. मे महिन्यात बाहेर ४२-४३ असतं तेव्हा गाडीच्या डिकीत किती होत असेल ते हात लावून बघा. बॉलची कातडी अन् आतला गाभा वेगवेगळ्या मटेरियलचे असतात, तापल्यावर सारखे फुगत नाहीत, अन् मग एक दिवस बॉलला तडा जातो. धुतलेला बॉल वाळवायला गच्चीवर उन्हात ठेवू नका, ओव्हनचा तर विचारच नको, सावलीत पंख्याखाली ठेवा.

आता घासणं. खाली ओलं गोणपाट टाका म्हणजे घसरणार नाही. त्याच्यावर चुंबळ ठेवा, हो, आपली डोक्यावर हंडा ठेवायची चुंबळ, जुन्या लुगड्याची नाहीतर टॉवेल पिळून केलेली. बाजारात बॉल ठेवायचे खास कप मिळतात पण चुंबळीइतकं काही बसत नाही, बॉल हलत नाही अन् ओरखडा पण पडत नाही. शेजारी अर्धी बादली साधं पाणी. नळाखाली धरून करू नका, आमच्याकडं नळाला रोज पाणी येत नाही अन् त्याची गरज पण नाही, पॅड बुडवायचं, पिळायचं नाही, अन् घासायचं, मधून मधून परत बुडवायचं. पाण्याचं काम दोन, बॉल अन् पॅड यांच्यातून निघालेला चिखल वाहून न्यायचा, अन् गरम होऊ द्यायचं नाही.

मशीनवर बॉल फिरतो अन् पॅड स्थिर, त्यामुळं सगळीकडं आपोआप सारखं घासलं जातं. हातानं करताना हीच एक खरी अडचण, की आपला हात जिथं सोपं पडतं तिथं जास्त फिरतो. म्हणून मोजायचं. बॉलला सहा बाजू आहेत असं समजायचं, लुडोच्या फाशासारख्या. बोटांची भोकं वर ही पहिली बाजू, भोकं बरोबर खाली ही दुसरी, मग भोकं आपल्या छातीकडं करून बॉल आडवा ठेवायचा अन् वरच्या भागाला घासून झालं की भोकं छातीकडंच ठेवून बॉल पाव फेरा फिरवायचा, अशा उरलेल्या चार. क्रम समोरासमोरचा ठेवा, वर झाली की खालची, डावी झाली की उजवी, चाकाचे नट आवळतात तसं, म्हणजे शेवटी दमलेला हात सगळा एकाच बाजूला येत नाही.

एका बाजूच्या मध्यापासून शेजारच्या बाजूच्या मध्यापर्यंत बॉलवरून मोजलं तर सुमारे १७ सेंटिमीटर भरतं, म्हणून लोक प्रत्येक बाजूला साडेआठ-नऊ सेंटिमीटरपर्यंत घासतात अन् सोडून देतात. तिथंच चुकतं. तीन बाजू जिथं मिळतात असे आठ कोपरे असतात, ते मध्यापासून साडेदहा सेंटिमीटरच्या जवळ पडतात, अन् ते कोरे राहतात. तेव्हा प्रत्येक बाजूला मध्याभोवती एक वीतभर रुंदीचं वर्तुळ पूर्ण भरून काढायचं, शेजारच्या बाजूत थोडं घुसून, मग कोपरे सुटत नाहीत.

हात कसा ठेवायचा, तर भाकरी थापताना तळहात पसरतो तसा, सगळ्या तळव्याखाली पॅड. बोटांच्या टोकांनी दाबलं की बोटाखाली खोल अन् मधे उथळ असं होतं. दाब मध्यम, जोर लावून काही लवकर होत नाही, दाणा कापायचं काम त्याच्या वेगानंच करतो. वाटीएवढी छोटी छोटी वर्तुळं एकात एक गुंतवत जायचं, ३० एका दिशेनं अन् ३० उलट्या दिशेनं, झाली एक बाजू. सहा बाजूंचे ३६० फेरे म्हणजे एका नंबरला सहा-सात मिनिटं. कान उघडे ठेवा. ५०० चालताना आधी चांगला खर्र आवाज येतो, मग बारीक होत जातो, अन् पॅड आवाज न करता सरकायला लागलं की ते चोंदलंय, बादलीत खळखळून घ्या. पाण्याला बॉलचा रंग येतो, निळ्या बॉलचं निळसर दूध, तो रंग येतोय म्हणजे काम होतंय.

एक नंबर झाला की बॉल धुवा, *पॅडखालचा जुना दाणा पुढच्या नंबरात जाऊ देऊ नका*, बादलीचं पाणी बदला, हात धुवा, गोणपाटावर पाणी मारा. ५०० चा एक दाणा १००० च्या पॅडखाली अडकला तर एक लांब ओरखडा काढतो अन् तो तुम्हाला शेवटीच दिसतो. मग बॉल पुसून मोबाइलचा टॉर्च आडवा धरून बघा, समोरून नाही, बाजूनं, सकाळचं तिरपं ऊन रानातलं एकेक ढेकूळ दाखवतं तसं. सगळीकडं सारखा मॅट पांढुरका दिसला पाहिजे, कुठं चमकता ठिपका दिसला तर तिथं पॅड पोहोचलेलंच नाही. ट्रॅकच्या पट्ट्यावर हमखास राहतं, तिथं दहा-वीस फेरे जास्त देऊ नका, पूर्ण बॉलला अजून एक राउंड द्या, नाहीतर ट्रॅक खोलगट होत जातो. क्रिकेटच्या बॉलची एक बाजू चमकवतात अन् दुसरी तशीच सोडतात, कारण तिथं हवेचा खेळ असतो, पण इथं सगळी कातडी सारखीच पाहिजे.

किती नंबरपर्यंत जायचं ते लेनवर अन् तुमच्या हातावर. भरपूर तेलाच्या लेनला ५०० नंतर १००० वर थांबलो तरी चालतं, मध्यमला २०००, कोरड्या लेनला ३०००-४००० नाहीतर वर पॉलिश. पॉलिश बॉलचंच घ्या, गाडीचं वॅक्स किंवा सिलिकॉनवालं नको, ते छिद्रं बुजवतं अन् सगळी मेहनत वाया. अन् हे पण ध्यानात ठेवा की पॅडवरचा नंबर म्हणजे बॉलवरचं फिनिश नव्हे. जुनं ५०० चं पॅड नव्या ५०० एवढं कापत नाही, माझ्या हाताचा १००० अन् मशीनचा १००० सारखा नसतो. आमच्या टूलरूममध्ये खरखरीतपणा मोजायचं मशीन असतं, त्यातल्या आकड्याला आरए म्हणतात. अमेरिकेतली बॉलिंगची नियामक संस्था यूएसबीसी हिनं बॉलच्या खरखरीतपणाला ५० मायक्रोइंचाची कमाल मर्यादा घातलीये, म्हणजे १.२७ मायक्रॉन. साध्या ग्राइंडिंगच्या जॉबवर ०.८ येतो, मिलिंगच्या चांगल्या जॉबवर १.६, म्हणजे बॉलची मर्यादा त्यांच्या मधोमध पडते. घरी मोजता येत नाही, म्हणून निदान आपली पद्धत दरवेळी तीच ठेवायची, तेच फेरे, तोच दाब, म्हणजे बॉल बदलला तर कशानं बदलला ते कळतं.

शेवटी पुसायचं काम घाईनं करा. आपलं बोअरचं पाणी क्षाराचं, बॉल तसाच वाळू दिला तर पांढरे डाग बसतात अन् तुम्हाला वाटतं नीट घासला नाही. भोकांवरची टेप काढून आत ओल गेली असेल तर कापडाची वात करून पुसा, आत रबरी इन्सर्ट असतात त्यांचा गोंद ओलीनं सुटतो. बादलीतलं रंगीत पाणी कुंडीत ओतू नका, ते प्लास्टिकचंच भुकटं आहे, रात्रभर ठेवा, गाळ खाली बसतो, वरचं पाणी ओतून गाळ जुन्या पेपरात घेऊन कचऱ्यात टाका.

बॉलला खरा खड्डा पडलेला असेल, टवका उडालेला असेल किंवा तडा असेल तर हे सगळं करून काही होत नाही, तिथं रेझिन भरणाऱ्या माणसाकडंच द्यावा लागतो. स्पर्धा खेळणार असाल तर एवढं सांगतो, यूएसबीसीच्या नियमात चालू स्पर्धेत बॉलवर पेपर मारायला बंदी आहे, अन् २०१९ मध्ये त्यांनी खेळताना बॉल पुसायला लिक्विड पण बंद केलं होतं, फक्त कोरडा टॉवेल, आत्ताचा नियम तेवढा बघून घ्या. म्हणजे जे करायचं ते आदल्या रात्री घरी.

भाच्याचा बॉल आम्ही दोघांनी मिळून केला, तीन अंघोळी, मग ५००, १०००, २०००. चुंबळ माझ्या आईनं करून दिली, अन् बॉल पुसून झाल्यावर तिनं त्याच्यावरून हात फिरवून बघितला, पाट्यावरून फिरवतात तसा. त्या रविवारी पहिलाच बॉल त्यानं नेहमीच्या जागेवरून सोडला तो इतका वळला की डाव्या बाजूच्या पिनांत जाऊन घुसला. मग तो चार बोर्ड, म्हणजे लेनच्या चार अरुंद फळ्यांएवढा, डावीकडं सरकून उभा राहिला. आता त्याच्या बॅगेत एक छोटी वही असते, तारीख, गेम किती झाले अन् शेवटचा नंबर कोणता मारला, एवढंच लिहितो. परवा बघितली तेव्हा ३४ गेम झाले होते.